नाच्या आणि चित्रातला घोडा



मागच्या व्याख्यानात आपण रसविचारापाशी थांबलो होतो. नट रामाचं काम करतो तेव्हा प्रेक्षकाला नेमकं काय दिसतं, राम दिसतो की नट दिसतो, हा प्रश्न तसाच ठेवून आपण चहाला उठलो. आज तोच पुढे न्यायचा आहे, पण संस्कृत ग्रंथ जरा बाजूला ठेवून. आजचा विषय आहे गणपत पाटील.

हे नाव घेतल्याबरोबर सभागृहात जे हसू उमटलं ते आम्हाला इथपर्यंत ऐकू आलं. राग नाही. आम्हीही पन्नास वर्षं तेच हसत होतो. पण आज आपण बोलणार आहोत ते या हसण्याविषयीच.

तरुण मंडळींसाठी थोडं सांगतो. 1950 ते 1980 या काळात मराठीत जे तमाशापट निघाले, त्यांत फडावर एक पात्र हमखास असायचं. ते नाचणारणीच्या बाजूला उभं, कमरेवर हात, मान वेळावलेली, बोलणं लाडिक, आणि दर चार वाक्यांनंतर ‘आत्ता गं बया!’ हे उद्गार. त्याला म्हणायचं नाच्या. हे काम वर्षानुवर्षं एकाच माणसानं केलं. ‘सवाल माझा ऐका’ 1964 चा, ‘केला इशारा जाता जाता’ 1965 चा, ‘एक गाव बारा भानगडी’ 1968 चा, ‘गणानं घुंगरू हरवलं’ 1970 चा. नायिका बदलली, नायक बदलला, पाटील बदलला, पण नाच्या तोच. कोल्हापूरचे गणपत पाटील. 23 मार्च 2008 ला ते गेले.

आम्ही वेल्ह्याकडचे. आता कागदोपत्री तो राजगड तालुका झाला आहे, पण आमच्या तोंडात वेल्हंच बसलंय. शाळेसाठी भोरला आलो आणि इथेच सिनेमा नावाची गोष्ट कळली. त्याआधी गावाकडे सिनेमा यायचा तो जत्रेला. मेंगाईच्या जत्रेत कनात लागायची, आत जमिनीवर बसायचं, बाया एका बाजूला, बाप्ये एका बाजूला. यंत्र एकच, त्यामुळे रीळ संपलं की अंधार, शिट्ट्या, मग पुढचं रीळ. त्या कनातीत आम्ही गणपत पाटलांना पहिल्यांदा पाहिलं. नायक कोण होता ते आज आठवत नाही. नाच्या आठवतो. पडद्यावर तो नुसता आला, अजून काही बोललाही नव्हता, आणि कनात हसून हलायला लागली.

आता हे जे पात्र आहे ते आलं कुठून, हे आधी नीट समजून घेऊ. सिनेमानं ते शोधलेलं नाही. तमाशाची जुनी मांडणी आपल्याला माहीत आहे: गण, मग गवळण, मग बतावणी आणि शेवटी वग. जुन्या तमाशात बाईची कामं पुरुषच करायचे. पोरसवदा मुलगा लुगडं नेसून नाचायचा, त्याला नाच्या पोऱ्या म्हणत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला आणि विसाव्याच्या सुरुवातीला बाई फडावर आली. पवळा हिवरगावकर ही तमाशात नाचणारी पहिली स्त्री असं साधारण मानलं जातं. पठ्ठे बापूराव आणि पवळा ही जोडी आपण ऐकून आहोत. बाई आल्यावर नाच्या पोऱ्याची गरज संपायला हवी होती. पण लोककलेत एखादी जागा सहजासहजी मोडीत निघत नाही, तिचं काम बदलतं. गवळणीत मावशी पुरुषच करत राहिला. आणि नाच्या हा नाचणारी आणि सोंगाड्या यांच्या मधला दुवा झाला. नाचणारीला लावणी संपल्यावर श्वास घ्यायला वेळ हवा, तेवढ्यात हा दोन वाक्यं टाकणार. सोंगाड्यानं कोटी करायची तर समोर कोणी बावळट प्रश्न विचारणारा हवा, तो हा. प्रेक्षकांतल्या कोणी आगाऊपणा केला तर त्याला परस्पर गार करायचं, तेही हाच करणार, कारण याच्या बोलण्याचा राग धरता येत नाही. फडाच्या दृष्टीनं हे जबाबदारीचं काम आहे. तालाचं भान लागतं, वेळेचं भान लागतं. ज्यानं ढोलकीच्या बोलावर एक शब्द उशिरा टाकून पाहिला आहे त्याला विचारा.

सिनेमात तमाशाची लाट कशी आली तेही थोडक्यात पाहू. 1947 साली दोन चित्रपट आले, ‘लोकशाहीर रामजोशी’ आणि ‘जय मल्हार’. दोन्ही चालले आणि ग्रामीण, लावणीप्रधान चित्रपटाला बाजारपेठ आहे हे निर्मात्यांना कळलं. पुढच्याच वर्षी, जानेवारी 1948 नंतरच्या जाळपोळीत, भालजी पेंढारकरांचा कोल्हापूरचा जयप्रभा स्टुडिओ जळाला. त्याआधी ऑगस्ट 1947 मध्ये मास्टर विनायक गेले होते. म्हणजे ज्या स्टुडिओच्या आश्रयानं कोल्हापूरची नट मंडळी जगत होती ती घडीच विस्कटली. मासिक पगारावर नट ठेवणारी जुनी पद्धत मागे पडत गेली आणि चित्रपटागणिक करार करण्याची पद्धत आली. 1959 ला अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ आला. पुण्याच्या विजयानंद टॉकीजमध्ये तो शंभराहून अधिक आठवडे चालला. त्यानंतर निर्मात्याच्या डोक्यात एक सरळ हिशोब बसला. लावणी हवी, पाटील हवा, सवाल-जवाब हवा, आणि नाच्या हवा.

इथे गणपत पाटलांच्या कारकिर्दीचा सगळा पेच आहे. हा माणूस गरिबीतून आलेला. लहानपणी कोल्हापुरात रामायणाच्या खेळांत सीतेचं काम करणारा. मग सिनेमात गर्दीतल्या, चार ओळींच्या भूमिका. मग ग्रामीण नाटकांतून नाच्याचं काम मिळालं, ते लोकांनी डोक्यावर घेतलं, आणि तिथून सिनेमावाल्यांनी उचललं. इथपर्यंत कोणत्याही नटाला हेवा वाटावा अशी गोष्ट आहे. पण मराठी सिनेमाचा संसार तेव्हा लहान. वर्षाला मोजके चित्रपट, मोजके पैसे, आणि निर्माता बहुधा कर्ज काढून उतरलेला. असा निर्माता नाच्याच्या कामाला नवा माणूस घेऊन पाहण्याचा धोका कशाला पत्करेल? आणि नाच्याला दुसरं काही काम देऊन पाहण्याचा धोका तरी का पत्करेल? तो फौजदार म्हणून आला तर कनात हसणारच. तेव्हा गणपत पाटलांना काम मिळत राहिलं ते ज्या कारणानं, त्याच कारणानं दुसरं काम मिळणं बंद झालं. सहायक नटाला नायकासारखी निवड करण्याची ऐपत नसते. चार दिवसांचं चित्रीकरण आलं की घ्यायचं, कारण घरी चूल आहे.

आता तत्त्वज्ञानाकडे येऊ. घाबरू नका, थोडंच आहे.

नाट्यशास्त्रावरच्या आपल्या टीकेत अभिनवगुप्तानं श्रीशंकुक नावाच्या जुन्या आचार्याचं मत नोंदवून ठेवलं आहे. श्रीशंकुक म्हणतो, रामाचं काम करणाऱ्या नटाकडे पाहताना प्रेक्षकाला जे ज्ञान होतं ते विलक्षण आहे. ‘हा राम आहे’ असं खरं ज्ञान ते नाही. ‘राम समजलो पण नव्हता’ असं भ्रमाचं ज्ञानही नाही. ‘हा राम की दुसरा कोणी’ असा संशयही नाही. आणि ‘हा रामासारखा आहे’ असं सादृश्याचं ज्ञानही नाही. मग काय? तर चित्रातला घोडा पाहताना होतं तसं. भिंतीवर घोडा चितारला आहे, लहान पोर म्हणतं ‘घोडा’. ते पोर फसलेलं नसतं, चारा आणायला ते धावत नाही, आणि ‘हा घोड्यासारखा रंग आहे’ असंही ते म्हणत नाही. ते घोडाच पाहतं, पण चित्रातला. याला चित्रतुरगन्याय म्हणतात. पुढे अभिनवगुप्तानं या मतावर कठोर टीका केली, पण तो भाग आज आम्ही सोडून देतो. आमच्या मते मराठी प्रेक्षकाला हा न्याय जन्मतःच येतो. गावच्या दशावतारात, रामलीलेत, वगात तो रात्रभर जागून हेच करत असतो. सकाळी रावणाकडून तो बिनदिक्कत उसनवार विळा मागून नेतो.

मग प्रश्न असा की गणपत पाटलांच्या बाबतीत हा न्याय का चालला नाही?

कारण तो चालला नाही हे उघड आहे. हा माणूस बायकामुलांचा, संसारी. आणि पडद्यावरच्या कामामुळे लोकांनी त्यांना खऱ्या आयुष्यातही तसंच धरलं. मुलांची लग्नं जमवताना अडचणी आल्या, ही व्यथा त्यांनी स्वतः मुलाखतींतून बोलून दाखवली होती. जरा विचार करा. चित्रातला घोडा पाहून कोणी भिंतीला चारा घालत नाही, पण इथे लोकांनी भिंतीला चाबूक मारला.

तुम्ही म्हणाल, खलनायकांचंही असंच होतं. होतं खरं. निळू फुले ‘एक गाव बारा भानगडी’मधले झेलेअण्णा झाले आणि मग आयुष्यभर बायाबापड्या त्यांना पाहून बोटं मोडत राहिल्या. राष्ट्र सेवा दलात घडलेला, अंधश्रद्धेच्या विरोधात उभा राहणारा हा सज्जन माणूस. ललिता पवारांचंही तेच. 1942 साली एका चित्रीकरणात थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला अर्धांग झालं, डावा डोळा कायमचा बारीक झाला. त्यानंतर नायिकेची कामं गेली आणि त्या बारीक डोळ्यातून हिंदुस्थानानं खाष्ट सासू पाहिली. पण या दोघांना सुटका होती. ललिता पवारांना 1959 मध्ये ‘अनाडी’तली मायाळू मिसेस डिसा मिळाली, त्या वर्षीचं फिल्मफेअरही मिळालं. निळूभाऊंना ‘सामना’तला हिंदुराव धोंडे पाटील मिळाला, रंगभूमीवर ‘सखाराम बाइंडर’ मिळाला. म्हणजे लिहिलेली, नाव असलेली, आत माणूस असलेली पात्रं मिळाली. शिवाय खलनायक समजून घेण्यात एक धाक असतो. निळूभाऊंना लोक घाबरले, गणपत पाटलांना हसले. घाबरलेला माणूस निदान अंतर ठेवून वागतो. हसणारा थेट खांद्यावर हात टाकतो.

नाव असलेलं पात्र, असं आम्ही म्हणालो. ते महत्त्वाचं आहे. नाच्याला पुष्कळदा नाव असतं पण गोष्ट नसते. तो कुठून आला, घरी कोण, कोणावर जीव आहे, म्हातारपणी काय करणार, हे पटकथेत कधीच येत नाही. वगातल्या राजाची गोष्ट असते आणि ती संपते. गोष्ट संपली की पात्र संपतं आणि नट मोकळा होतो. ज्या पात्राला गोष्टच नाही ते संपणार कसं? ते पुढच्या चित्रपटात जातं. आणि दोन चित्रपटांच्या मधल्या काळात जातं कुठे? ते नटाच्या घरी राहायला जातं.

अमेरिकन तत्त्वज्ञ स्टॅन्ली कॅव्हेल यांनी 1971 च्या आपल्या पुस्तकात सिनेमाविषयी एक भेद सांगितला आहे. रंगभूमीवर नट भूमिकेत शिरतो, पडद्यावर नट भूमिका स्वतःवर ओढून घेतो. आम्ही विद्यार्थ्यांना हे समजावताना गणपत पाटलांचंच उदाहरण द्यायचो आणि वर्ग हसायचा. आम्हीही हसायचो. उदाहरण बरोबर होतं, हसणं कसलं होतं हे तेव्हा तपासलं नव्हतं.

आता खरी अडचण सांगतो. बालगंधर्व. नारायण श्रीपाद राजहंस, 1888 ते 1967. सिंधू, भामिनी, रुक्मिणी. ते पदर कसा घेतात, नथ कशी घालतात हे पाहायला घरंदाज बायका जायच्या आणि घरी येऊन तसंच करायच्या. 1964 ला पद्मभूषण. 1935 ला प्रभातच्या ‘धर्मात्मा’मध्ये ते एकनाथ झाले, म्हणजे पुरुष झाले, आणि लोकांना ते फारसं भावलं नाही, पण कोणी त्यांच्या पुरुषपणाची चौकशी केली नाही. एक पुरुष लुगडं नेसून उभा राहतो आणि महाराष्ट्र त्याला डोक्यावर घेतो. दुसरा पुरुष लुगडंही नेसत नाही, नुसती मान वेळावतो, आणि महाराष्ट्र त्याच्या मुलांच्या सोयरिकी अडवतो. हे कसं?

याचं एक सोपं उत्तर आहे आणि ते खोटं नाही. संगीत नाटक हे पांढरपेशांचं, तमाशा हा महार-मांग-कोल्हाट्यांचा. एका ठिकाणी राजेरजवाडे, वकील, डॉक्टर बसायचे. इथल्या भोरसारख्या संस्थानी गावांतही नाटक कंपनी आली की उठबस कोणाकडे आणि तमाशा आला की तो गावाच्या कोणत्या अंगाला, हे जुन्या लोकांना विचारा. पुरुषानं बाई होणं तेच, पण कोणत्या अंगणात झालं यावर त्याची किंमत ठरली. हे मान्य.

पण तेवढ्यानं आमचं समाधान होत नाही. आमच्या मते आणखी एक गोष्ट आहे. बालगंधर्वांनी शिवण लपवली. पुरुष आणि बाई यांच्यात जिथे टाका घातला आहे ती जागा दिसूच दिली नाही, म्हणून प्रेक्षकाला संपूर्ण बाई दिसली, आणि नाटक संपल्यावर संपूर्ण पुरुष. दोन घरं वेगवेगळी राहिली. नाच्याचं काम नेमकं उलटं आहे. त्याला शिवण दाखवायची आहे. मिशी काढलेल्या जागी हिरवट सावली, आवाज मधूनच जाड, आणि हाव-भाव बाईचे. दोन्ही एकदम. तो कोणाच्या घरात बसत नाही, उंबऱ्यावर उभा राहतो. आणि आपल्याकडे उंबऱ्यावर उभं राहिलेल्याला आपण काय म्हणतो? आत तरी ये नाहीतर बाहेर तरी जा. ते हसणं म्हणजे हे सांगणं होतं, असं आम्हाला आता वाटतं.

पूर्वेकडे थोडं पाहू. याच काळात हाँगकाँगमध्ये कँटोनी भाषेतल्या चित्रपटांचा मोठा कारखाना चालत होता आणि त्यालाही आधार होता तिथल्या संगीत नाटकाचाच. 1949 पासून वाँग फेइ-हुंग या वीराच्या चित्रपटांची लांबलचक माळ निघाली. नायक क्वान ताक-हिंग, आणि त्याच्यासमोर दुष्ट म्हणून बहुतेक वेळा शेक किन नावाचा नट. इतकं की ‘दुष्ट’ हे विशेषणच त्याच्या नावाला चिकटलं. आपल्याकडच्यांनी त्याला पाहिलंय, 1973 च्या ‘एंटर द ड्रॅगन’मध्ये ब्रूस लीशी आरशांच्या खोलीत लढणारा म्हातारा तो हाच. म्हणजे चिकटण्याचा आजार फक्त आपला नाही. पण त्याच चित्रसृष्टीत याम किम-फाय नावाची एक बाई होती. ती आयुष्यभर पुरुष नायक करत राहिली, राजपुत्र, पंडित, प्रियकर. बायका तिच्यासाठी वेड्या झाल्या होत्या. तिला कोणी हसलं नाही. बाईनं पुरुष होणं म्हणजे जिना चढणं, पुरुषानं बाई होणं म्हणजे जिना उतरणं. नाच्याला हसणाऱ्या माणसाच्या मनात बाईची पायरी कुठली आहे ते त्या हसण्यातून बाहेर पडतं. हे आमच्या पत्नीनं आम्हाला चाळीस वर्षांपूर्वी सांगितलं होतं, आम्हाला ते पटायला डॉक्टरेटनंतरही बराच वेळ लागला.

इथे भोरचा संबंध आला. दादा कोंडके यांचं घराणं मूळ इंगवलीचं, आपल्याच तालुक्यातलं. दादा जन्मले मुंबईत, नायगावच्या चाळीत, पण मूळ इथलं. त्यांनी 1971 ला ‘सोंगाड्या’ काढला. तमाशाच्या फडात नाच्या आणि सोंगाड्या शेजारी शेजारी उभे असतात, दोघंही हसवणारे, दोघंही नायक नसलेले. दादांनी सोंगाड्याला उचलून मधोमध ठेवला. त्याला आई दिली, प्रेम दिलं, भोळेपणा दिला, म्हणजेच गोष्ट दिली. आणि सोंगाड्या मराठीतला सगळ्यांत मोठा नायक झाला. नाच्याला मात्र ती जागा मिळाली नाही. दादांनी ती का दिली नाही असं आम्ही विचारत नाही. निर्माता ते होते, पैसा त्यांचा होता, आणि त्यांचा स्वतःचा पिंड सोंगाड्याचा होता. पण फडावरचे दोन शेजारी, आणि एकाच पिढीत त्यांच्या वाटा किती लांब गेल्या, एवढं नोंदवून ठेवतो.

नाच्याला गोष्ट मिळाली ती फार उशिरा. आनंद यादवांच्या ‘नटरंग’ कादंबरीवर रवी जाधव यांनी चित्रपट केला, अतुल कुलकर्णी त्यात गुणा झाले. कागलकडचा पैलवान गडी, तमाशाच्या वेडापायी नाच्या होतो, आणि मग गाव त्याचं काय करतं त्याची ती कथा आहे. हा चित्रपट लागला 1 जानेवारी 2010 ला. गणपत पाटलांना जाऊन तेव्हा दोन वर्षंही झाली नव्हती. त्यात अतुल कुलकर्णींनी शरीर कसं कमावलं आणि कसं घटवलं याची वर्तमानपत्रांत खूप चर्चा झाली. योग्यच होती. पण गुणा करून अतुल कुलकर्णी घरी गेले आणि पुढच्या चित्रपटात दुसरं काही झाले. तोपर्यंत आपण प्रेक्षक म्हणून थोडे शहाणे झालो होतो, की ते नायक होते म्हणून त्यांना ती मुभा मिळाली, हे आम्ही ठामपणे सांगू शकत नाही. दोन्ही थोडं थोडं असावं.

आणखी एक गोष्ट बोलायलाच हवी, नाहीतर आजचं व्याख्यान अर्धवट राहील. गणपत पाटलांविषयी कोणी हळहळून बोललं की एक वाक्य ठरलेलं असतं: ‘अहो, पण ते तसे नव्हते हो, चांगले बायकामुलांचे होते.’ आम्हीही मघाशी साधारण हेच म्हणालो. बायकामुलांचा, संसारी, असं. हे वाक्य त्यांच्या बाजूनं म्हणून बोललं जातं, पण ते नीट ऐका. त्याचा अर्थ असा होतो की ते खरोखर ‘तसे’ असते तर तुम्ही केलंत ते ठीक होतं. चूक एवढीच झाली की चुकीच्या माणसाला हसलो. पण जे खरोखर तसे आहेत त्यांचं काय? 15 एप्रिल 2014 ला सर्वोच्च न्यायालयानं तृतीयपंथीयांना तिसरं लिंग म्हणून मान्यता दिली. न्यायालयाचं काम झालं. ‘आत्ता गं बया’ म्हणून टाळी वाजवणाऱ्या शाळकरी पोराच्या हातात न्यायालय पोचत नाही.

आणि त्या शाळकरी पोरांत आम्ही होतो.

आमच्या गावात एक गृहस्थ होते. नाव सांगत नाही. शेती थोडी, घर डोंगराच्या बाजूला. गावचा हौशी तमाशा होता, जत्रेत एक रात्र उभा राहायचा, त्यात हे मावशी करायचे. वर्षातली एक रात्र. बाकी तीनशे चौसष्ट दिवस नांगर, भात, गवत, जसं सगळ्यांचं तसं. माणूस आवाजानं मऊ होता, चालणं जरा वेगळं होतं, आणि गाणं विलक्षण होतं. गवळण म्हणायला लागले की म्हाताऱ्या बाया पुढे सरकून बसायच्या. पूर्वी पोरं त्यांना मावशी म्हणून चिडवायची, ते हसून सोडायचे. मग कनातीत तो सिनेमा आला. दुसऱ्या दिवशीपासून ते रस्त्यानं दिसले की आम्ही पोरं एका सुरात ‘आत्ता गं बया!’ ओरडायला लागलो. सुरुवातीला त्यांनी आम्हाला तसंच उत्तरही दिलं, अगदी गणपत पाटलांच्या थाटात, आणि आम्ही लोळलो. मग ते उत्तर द्यायचे बंद झाले. मग त्यांनी वाट बदलली, शाळेच्या बाजूनं यायचे ते ओढ्याकडून जायला लागले. आम्ही ओढ्याकडे जाऊन बसायला लागलो.

पुढच्या वर्षी जत्रेत त्यांनी मावशी केली नाही. तब्येत बरी नाही म्हणाले. त्याच्या पुढच्या वर्षीही नाही. दुसऱ्या कोणी तरी केली, ती कोणाच्या लक्षात नाही. त्यांच्या धाकट्या भावाचं लग्न ठरत नव्हतं असं आम्ही घरात ऐकलं होतं, कारण काय ते मोठी माणसं बोलत नव्हती, पण आमच्याकडे पाहून गप्प व्हायची. आम्ही तेव्हा दहा-अकरा वर्षांचे. आम्ही काय करत होतो हे आम्हाला कळत नव्हतं, असं म्हणून सुटता येईल. पण ओढ्याकडे जाऊन बसायचं कसं सुचलं, हे आम्हाला पक्कं आठवतं. तो रस्ता लांबचा होता, चढाचा होता. दुपारच्या उन्हात तेवढं चालत जायचं म्हणजे ठरवून जावं लागतं.

श्रीशंकुकाचा न्याय इथे उलटा लावून पाहा. पडद्यावरच्या चित्रातला घोडा आम्ही पाहिला आणि मग रस्त्यानं चाललेल्या जिवंत माणसालाच चित्र समजलो. चित्राला दुखत नाही, म्हणून मारत राहिलो.

यात गणपत पाटलांचा दोष काय? हा प्रश्न आम्ही स्वतःला पुष्कळदा विचारला. त्यांनी जे उभं केलं त्यानं कनातीला हसायला शिकवलं, हे खरं. पण त्याची किंमत त्यांच्याच घरानं भरली, हेही खरं. निर्मात्यानं मागितलं, वितरकानं मागितलं, आम्ही आठ आणे देऊन मागितलं. नटानं ते चोख दिलं. त्यांची ती कामं आम्ही अलीकडे परत पाहिली, मोबाइलवर, एकट्यानं बसून. हसू आलं. वेळ साधण्यात हा माणूस कोणापेक्षाही कमी नाही. एका दृश्यात सगळे नायिकेकडे पाहताहेत आणि हे एका कोपऱ्यात उभे आहेत. कॅमेरा त्यांच्यावर नाही, तरी ते ढोलकीवाल्याच्या हाताकडे बघताहेत. समेवर येण्याची वाट पाहताहेत. त्या दोन-तीन क्षणांत चेहऱ्यावर नाच्या नाही. कामाला आलेला एक माणूस आहे, पुढचं वाक्य चुकू नये याची काळजी असलेला. मग सम येते, मान वळते, आणि ते वाक्य येतं.

पाणी घेतो थोडं. मग प्रश्न घेऊ. मागे त्या काकांनी मघापासून हात वर केलाय, पहिला त्यांचा.